नैरोबीला समुद्र नाही

शुक्रवार की शनिवार, यावरून धोंडीबांच्या घरात महिनाभर भांडण चाललं होतं, आणि शुक्रवारची संध्याकाळ झाली तरी ते मिटलं नव्हतं. यंदा नारळी पौर्णिमा शुक्रवारी सकाळी लागून शनिवारी सकाळीच संपत होती. चेंदणी कोळीवाड्यातल्या झाडून सगळ्यांनी शुक्रवारी संध्याकाळी खाडीवर नारळ सोडायचं ठरवलं. झाडून सगळ्यांनी म्हणजे धोंडीबा सोडून. सूर्य उगवताना जी तिथी असेल तीच त्या दिवसाची खरी, असं त्यांचं म्हणणं. आणि धोंडीबांनी एकदा म्हणणं मांडलं की साक्षात ब्रह्मदेव खाली उतरला तरी त्याला चहा पाजून परत पाठवतील, म्हणणं बदलणार नाहीत.

"बाकीच्यांचा नारल आज जाऊ दे, नायतर शिमग्याला जाऊ दे," पंचांग मांडीवर घेऊन उंबऱ्यात बसलेले धोंडीबा म्हणाले. "आपला उद्या सकाली. सहदेवाला पन तसाच कलवलाय."

थोरली सून शेवंती आत विळीवर खोबरं खवत होती. कळवलाय म्हणे! कळवलं कोणी? आबांना पंचांगातले आकडे कळायचे तेवढेच, लिहिता कुठे येत होतं? सहदेवला, म्हणजे तिच्या नवऱ्याला, मोंबासाच्या पत्त्यावर जाणारं प्रत्येक पत्र सात वर्षं तीच लिहीत आली होती. या वेळचं तर तिने तीनदा लिहिलं. "शनिवारीच सोड, नाहीतर माझं नाव लावू नकोस," हे वाक्य तिने जरा मऊ करून लिहिलं, तर आबांनी वाचून दाखवायला लावलं आणि पुन्हा होतं तसं कडक करून घेतलं.

"आबा, मी एका दिवसाची म्हणून आलेले," चंद्रभागा कुरकुरली. सहदेवची बहीण, डोंबिवलीला दिलेली. राखी बांधायला सकाळीच आली होती. "डब्यात उद्याची कणीक मळून ठेवलीय मी. आणि इथे तुमची पौर्णिमाच संपत नाही!"

"मग जा. राखी बांधलीस ना गुणाजीला?"

"बघ गं आये, कसे बोलतात ते!"

हौसाबाईंनी, म्हणजे शेवंतीच्या सासूने, बघितलं नाही की ऐकलं नाही. त्या बाहेरच्या वाजंत्रीकडे कान लावून बसल्या होत्या. सगळा कोळीवाडा नटूनथटून, सोनेरी कागदातला नारळ पालखीत घालून खाडीकडे निघालेला, आणि आपण घरात! त्यांनी हिरवं लुगडं नेसून परत सोडून ठेवलं होतं. धाकटा गुणाजी तर मित्रांना तोंड दाखवायला नको म्हणून टीव्हीचा आवाज मोठा करून त्याच्यासमोरच बसला होता.

सातच्या बातम्या लागल्या.

"आबा! ओ आबा! केनियात बॉम्ब फुटला," गुणाजी ओरडला.

सगळे धावले. पडद्यावर धूर होता. एक इमारत पार खाली बसलेली, शेजारच्या उंच इमारतीच्या सगळ्या काचा गेलेल्या, आणि माणसं नुसत्या हातांनी दगड उपसत होती. राजधानी नैरोबीत अमेरिकन वकिलातीबाहेर ट्रकमध्ये भरलेला बॉम्ब, भरगर्दीच्या वेळी. त्याच सुमारास शेजारच्या टांझानियातही दुसरा. मेलेल्यांचा आकडा अजून निश्चित नाही, जखमी हजारांवर, असं निवेदिका सांगत होती.

"मोंबासा बोलली का ती?" हौसाबाईंनी विचारलं.

"नाही गं आये. नैरोबी."

"मंग आपला सहदेव?"

"सहदेव मोंबासाला ना! नैरोबी तिथून पाचशे किलोमीटर. आपल्याकडे जळगावात झालं तर आपल्याला काय होतंय?" गुणाजीने टीव्हीचा आवाज कमी केला. "हे सगळे अतिरेकीच असणार बघ. त्र्याण्णवला दादरला मी बघितलंय ना. अश्शाच काचा."

"बिचारी मानसा," हौसाबाई म्हणाल्या आणि त्यांनी हात जोडले.

"म्हनून तर त्याला जाऊ दिला," धोंडीबा पंचांग मिटत म्हणाले. "समुद्रावरची नोकरी म्हनून. त्याच पान्याला आपली खाडी मिलते. पानी सोडून आत जाल तर असाच व्हायचा."

झालं. दोन मिनिटांत सगळे परत शुक्रवार-शनिवारवर आले.

शेवंती मात्र विळीवरून उठलीच नव्हती. खोबरं खवता खवता तिचं बोट विळीच्या दात्यांवर गेलं होतं आणि पांढऱ्या खोबऱ्यात रक्ताचे थेंब पडत होते. कारण सहदेव मोंबासाला नव्हता. तो जानेवारीपासून नैरोबीत होता, आणि या घरात ते एकट्या तिला माहीत होतं.

युरोपने तिकडची मासळी घेणं बंद केलं आणि मोंबासाच्या कंपनीने निम्मी माणसं घरी बसवली. सहदेवला नैरोबीत एका छापखान्यात कागदाच्या गोदामावर काम मिळालं. समुद्र नाही, मासळी नाही, काही नाही. आणि आबांनी तर त्याला शपथ घालून पाठवलेलं: समुद्र सोडायचा नाही, आणि दर नारळी पौर्णिमेला इकडे सुटेल त्याच दिवशी तिकडेही नारळ सुटला पाहिजे. "तू सध्या कोणाला बोलू नकोस," असं त्याने शेवंतीला लिहिलं. "समुद्राकाठी पुन्हा काम मिळालं की मीच सांगेन." मीच सांगेन! सांगणारा तिकडे, आणि इकडे सात महिने खोटं कोण वागवतंय? पत्रं तिने परकारच्या पत्त्यावर टाकायची, तो सहदेवचा मोंबासातला जुना सोबती. त्याने ती पुढे धाडायची. तिकडून आलेल्या पाकिटावरचं तिकीट आणि नैरोबीचा शिक्का तिने आधी कापून घ्यायचा, लेकीच्या वहीत चिकटवायला म्हणून. शकूची वही भरत आली होती तिकिटांनी.

आणि मार्चच्या पत्रात त्याने लिहिलेलं: "आमच्या खिडकीतून एका बाजूला रेल्वे स्टेशन दिसतं आणि समोर अमेरिकेची कचेरी."

तिला खरं तर रडू कोसळायला हवं होतं. आला तो संताप. नवऱ्याचा, सासऱ्याचा, त्या पंचांगाचा, आणि सगळ्यात जास्त स्वतःचा.

"गूळ संपलाय," ती पदर खोचत म्हणाली. "घेऊन येते."

"आता?" चंद्रभागा म्हणाली.

"मग काय भात बिनगुळाचा खाणार?"

स्टेशन रोडवरच्या फोनबूथवर दाजी बसलेला असायचा. पायाने अधू, पण सगळ्या जगाचे कोड तोंडपाठ. शेवंतीने पोलक्यातून चिठ्ठी काढली. छापखान्याचा एकच नंबर होता.

"या मार्गावरील सर्व लाइन व्यस्त आहेत," फोनमधली बाई म्हणाली.

पुन्हा लावला. सर्व लाइन व्यस्त. पुन्हा. काय गोड आवाज होता मेलीचा! कोणाचा जीव टांगलाय, कोणाचं घर बसलंय, हिला काही नाही. शेवंतीने पंचवीस-तीस वेळा लावला असेल. बाहेरून खाडीवरची मिरवणूक परत येताना ऐकू आली आणि ओळखीच्या दोन बायका काचेतून हात हलवून गेल्या. तिनेही हात हलवला. काय करणार?

"वहिनी," दाजीने दार किलकिलं केलं, "हा कोड मोंबासाचा नाही. नैरोबीचा आहे."

शेवंतीने चिठ्ठी मुठीत लपवली.

"बरं बरं," तो म्हणाला. "मी काही विचारलं नाही. सगळं जग आज तिकडेच लावतंय. द्या चिठ्ठी, मी मधे मधे लावत राहतो. लागला की शकूच्या नावाने हाक मारतो."

ती घरी आली तर चंद्रभागा दारातच. "गूळ आणायला गेलेलीस की ऊस लावायला?"

शेवंतीच्या हातात गूळ नव्हता. ती विसरली होती. नारळीभात त्या दिवशी साखर घालून झाला आणि सगळ्यांनी तो नावं ठेवत ठेवत खाल्ला.

सकाळी सातला धोंडीबांची एकट्याची मिरवणूक निघाली. पुढे स्वतः ते, लाल टोपी घालून, मागे हौसाबाई हिरव्या लुगड्यात, मग गुणाजी मान खाली घालून, चंद्रभागा जांभया देत, शकू, आणि शेवटी शेवंती ताट घेऊन. खाडीला भरती नुकतीच लागत होती. कालचे नारळ, हार आणि प्लॅस्टिकच्या पिशव्या अजून काठाला तरंगत होत्या. जेटीवर बसलेल्या दोघातिघांनी हसू दाबलं.

"आता तिकडं पाच वाजलं असतील," पाण्यापाशी उभं राहून धोंडीबा म्हणाले. एवढं बोलताना त्यांचा आवाज मऊ झाला. "उठला असल. आंघोल करून निगल तो पन. एकाच पान्यात दोगांचा नारल, काय?"

शेवंतीला वाटलं होतं, फोन लागेपर्यंत दम धरू. पण नाही निघाला दम.

"आबा, ते मोंबासाला नाहीत."

"कं बोललीस?"

"नैरोबीला आहेत. जानेवारीपासून. जिथे फुटला ना, त्याच्या समोरच्या बिल्डिंगमध्ये कामाला आहेत. मी काल संध्याकाळपासून फोन लावतेय. लागत नाही."

पहिली चंद्रभागा फुटली.

"सात महिने? सात महिने तू आमच्या तोंडावर खोटं बोललीस? मी मेमध्ये आले तेव्हा म्हणालीस, मोंबासाला उकाडा वाढलाय! कुठला उकाडा गं, कुठला?"

"वन्सं, त्यांनीच सांगितलेलं, बोलू नको म्हणून."

"तो सांगेल! तुला अक्कल नको? आबांना कळलं असतं तर त्यांनी परत बोलावला असता त्याला. आज इथे असता तो!"

कालपर्यंत हीच चंद्रभागा सासूच्या तक्रारी सांगायला शेवंतीच्या गळ्यात पडायची. गुणाजी म्हणाला, "वहिनी, काल बातम्या बघताना तरी बोलायचं ना. मी काय काय बोलून बसलो," आणि त्याने तोंड फिरवलं. पण खरा घाव घातला तो हौसाबाईंनी. त्यांनी शेवंतीचा उजवा हात मनगटाला धरून वर केला. कोळणींचा असतो तसा तो काचेच्या बांगडीशिवायच होता. उजव्या हातातल्या बांगड्या लग्नात समुद्राला दिलेल्या, समुद्राने नवऱ्याला सांभाळावं म्हणून.

"ह्यो हात कनासाठी मोकला ठेवलाय गो? समुद्रानं त्याला सांभालावा म्हनून ना? आनि तूच त्याला समुद्रापास्नं लांब ठेवलास! खोटारडी!"

शकू रडायला लागली. धोंडीबांनी नारळ तिच्या हातात दिला आणि ते वळून बूथच्या दिशेने चालू लागले.

शनिवारचा आख्खा दिवस त्या बूथवर गेला. शेवंतीला वाटलं होतं, सांगून टाकलं की ओझं हलकं होईल. हलकं कसलं! ओझं होतं तिथेच राहिलं आणि वर सहा जणांचे सल्ले येऊन बसले. गुणाजीला दिल्लीला फोन लावायचा होता, पण दिल्लीत कोणाला ते माहीत नव्हतं. चंद्रभागाच्या नवऱ्याच्या ऑफिसात कोणाचा तरी मेहुणा परराष्ट्र खात्यात होता. तिने डोंबिवलीला तीन फोन केले तेव्हा कळलं की तो टपाल खात्यात आहे. हौसाबाईंनी शेवंतीच्या हातचं पाणी घेतलं नाही, शकूकडून मागवलं. ते पाणी शकूने शेवंतीकडूनच भरून घेतलं होतं, ते कोणी बघितलं नाही. दाजी बिचारा नंबर फिरवत होता. दुपारी एकदा लाइन मिळाली. घंटा वाजत राहिली, वाजत राहिली, कोणी उचलला नाही.

"परकारला लाव ना," गुणाजी म्हणाला.

"त्यांच्याकडे फोन नाही. नुसती पोस्टाची पेटी आहे."

"परकार म्हणजे... मुसलमान ना?"

"बाणकोटचा हाय," धोंडीबा बूथच्या पायरीवरून म्हणाले. "त्याचा बापूस आमच्या वक्ताला ठान्याला गलबत आनायचा. तू गप बस."

सकाळपासून ते एवढंच बोलले होते. मग हळूच त्यांनी सुनेला हाक मारली. ती जवळ जाऊन बसली.

"तिथं समुद्र अजाबात नाय?"

"नाही, आबा."

"खाडी?"

"नाही."

"मोटी नदी तरी असल."

"असेल लहानशी. मला माहीत नाही."

"मंग तो नारल कुठं सोडनार व्हता?"

"मोंबासाला जाऊन. रात्रीची गाडी असते, सकाळी पोचते. गेल्या पत्रात लिहिलेलं, पौर्णिमेला परकारांकडे जाणार म्हणून."

"रातची," धोंडीबा म्हणाले. "म्हंजे आदल्या दिवशीची." त्यांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली आणि बोटांची पेरं मोजल्यासारखी करत बसले. शेवंतीला वाटलं, देवाचं नाव घेताहेत. ती उठून परत काचेच्या दारापाशी गेली.

रविवारी दुपारी शेजारच्या गंगुबाईंनी खिडकीतून असा काही टाहो फोडला की अर्धी आळी बाहेर आली. "शेवंती! अगो, परदेशचा फोन! धाव!" परकारकडे सहदेवने गंगुबाईंचाच नंबर लिहून ठेवलेला, अडीनडीला. त्यांच्या जिन्यात एकावेळी दोन माणसं मावायची मारामार. वर सगळेच चढले. रिसीव्हर गुणाजीने उचलला, चंद्रभागाने ओढला, आणि पलीकडचा आवाज "वहिनी आहेत का?" असं म्हणाला म्हणून तो शेवंतीच्या हातात आला.

"वहिनी, मी परकार. पहिलं ऐका. जिता आहे. सहदेव जिता आहे."

"जिवंत आहेत!" शेवंती ओरडली. हौसाबाई जिन्यातच मटकन बसल्या. चंद्रभागा रडत रडत गंगुबाईंच्या गळ्यात पडली, आणि गंगुबाई "नीट बोलू द्या गो तिला" म्हणत स्वतःच सगळ्यात मोठ्याने रडू लागल्या.

"मी काल सकाळी मोंबासा स्टेशनवर त्याला घ्यायला उभा," परकार सांगत होता. तारेतून त्याचा आवाज मागे-पुढे होत होता. "फुटल्याचं ऐकलेलं, तरी उभा राहिलो. गाडी आली, हा नाही. तशीच बस धरली. तिसऱ्या इस्पितळात सापडला. आधी एक लहान आवाज झाला म्हणे. सगळे काय झालं ते बघायला खिडकीशी गेले, आणि मग मोठा झाला. काचा, वहिनी. तोंडात, मानेत. अशी खूप माणसं आहेत इथे, ओळीने. एक डोळा काढला त्याचा. दुसऱ्याचं मंगळवारी पट्टी सोडल्यावर कळेल. बोलतो, मला ओळखतो. तुमचं नाव घेतो."

"एक डोळा गेलाय," शेवंती मागे न बघता म्हणाली. "दुसऱ्याचं मंगळवारी कळेल."

मागे गुणाजीने ते जिन्यातल्या आयेला ऐकू जाईल असं परत सांगितलं.

"नशीब बघा," परकार म्हणाला. "गुरुवारच्या गाडीचंच तिकीट काढलं होतं त्याने. रजा पण मांडलेली. शुक्रवारी सकाळी माझ्याकडे न्याहारीला असता. मग तुमच्याकडचं पत्र मिळालं, शनिवारीच सोड म्हणून. तर तिकीट बदलून आणलं. म्हणाला, बाबा तिकडे सगळ्या गावाशी भांडून बसले असतील, मी तरी त्यांच्या बाजूने राहतो."

लाइन खरखरली. परकार म्हणाला, मंगळवारी याच वेळेला करतो, आणि फोन तुटला.

तिने रिसीव्हर ठेवला नाही, तसाच धरून उभी राहिली. म्हणजे असं होतं तर! दोन दिवस ती खोटारडी होती. दोन दिवस तिच्या हातचं पाणी चालत नव्हतं. तिने सांगितलं असतं तर तो वाचला असता म्हणे! आणि तो वाचतच होता की. तिकीट हातात होतं त्याच्या. तिचं खोटं राहिलं बाजूला, त्याला तिथे थांबवलं ते या घरातल्या सगळ्यात खऱ्या माणसाच्या हट्टाने. एक वाक्य. फक्त एक वाक्य बोलायचं होतं आणि सगळ्यांची तोंडं कायमची बंद झाली असती. ते तिच्या जिभेवर आलंही. पत्र तिच्याच अक्षरातलं होतं, हेही त्याच क्षणी आठवलं, आणि मऊ केलेलं वाक्य आपण परत कडक केलं, हेही. पण संताप एवढा होता की त्याचंही तिला काही वाटलं नाही. बोलूच, म्हणून ती वळली.

समोर धोंडीबा होते. टोपी दोन्ही हातांत धरलेली. डोळ्याबद्दल त्यांनी काही विचारलं नाही. दुसरा डोळा राहील का, तेही नाही.

"गुरवारची गाडी व्हती ना त्याची?" त्यांनी विचारलं.

बाकीच्यांना प्रश्न कळलाच नाही. "कसली गाडी?" चंद्रभागा म्हणाली. "आबा, गाडीचं काय घेऊन बसलात!"

शेवंतीला मात्र कळलं. काल त्या पायरीवर हे पेरं मोजत होते, ते देवाचं नाव नव्हतं. म्हाताऱ्याने दिवस मोजले होते. शुक्रवारी नारळ सोडायचा तर गाडी गुरुवारची. काल दुपारपासून ते हे एकटेच पोटात घेऊन बसले होते, आणि कोणाला बोलले नव्हते. आता त्यांचा खालचा ओठ हलत होता, आणि त्या ओठाकडे बघता बघता तिच्या जिभेवरचं वाक्य गेलं कुठल्या कुठे. राग गेला असं नाही. राग होताच.

"नाही, आबा," ती म्हणाली. "गुरुवारच्या गाडीला जागाच नव्हती. सुट्ट्यांची गर्दी म्हणे. शुक्रवारचंच तिकीट मिळालं."

"परकार तसा बोलला?"

"तसंच म्हणाले."

"पत्राचा काय बोलला?"

"पत्र पोचलंच नाही अजून त्यांना."

धोंडीबा तिच्याकडे बघत राहिले. पन्नास वर्षं वारा बघून होडी काढलेला माणूस तो. सुनेचं तोंड त्याला वाचता येत नव्हतं असं कोण म्हणेल? ती मात्र नजर न हलवता उभी राहिली. सात महिन्यांची सवय होती तिला.

"हिचा काय खरा धरायचा?" जिन्यातून हौसाबाई म्हणाल्या. "आता पन काय लपवत असल. खोटारडी ती."

"गप!" धोंडीबा एवढ्या मोठ्याने ओरडले की गंगुबाईंचं रडणं थांबलं. "पत्र पोचला नाय. गाडीला जागा नव्हती. ती सांगते तसाच झालाय. माजी सून खोटा बोलत नाय. ह्याच्या फुडं घरात कनी तिला खोटारडी बोलला, तर त्यानं माज्या घरात पाय ठेवायचा नाय. आयकलास, चंद्रभागा?"

"आबा, पण तिनेच तर..."

"आयकलास का?"

"ऐकलं," चंद्रभागा म्हणाली.

मग ते जिना उतरायला निघाले. पहिल्याच पायरीवर त्यांचा गुडघा वाकेना. गुणाजीने पुढे होऊन हात दिला, तो त्यांनी बाजूला सारला आणि मागे न बघता आपला हात शेवंतीसाठी मागे धरला.